‘खाली’ लिहिलेली तीन खोकी

हे सगळं २०२२ साली घडलं. फेब्रुवारीत ह्यांना झटका आला, जूनमध्ये आम्ही घर बदललं आणि सप्टेंबर संपेपर्यंत जे व्हायचं ते होऊन गेलं. साल मी आधीच सांगून टाकते, कारण घरात आता कोणी ते उच्चारत नाही. ‘शिफ्टिंगच्या वेळी’ म्हणतात आणि पुढच्या विषयाकडे वळतात.

हे म्हणजे माझे यजमान, चारुदत्त. लग्नापासून मी त्यांना नावाने हाक मारली नाही, तेव्हा इथेही ‘हे’च लिहीन. अमरावतीच्या एका कॉलेजात हे इंग्रजी शिकवत. १९७७ साली शिष्यवृत्तीवर वर्षभर अमेरिकेत, मिसूरीला जाऊन आले. त्या काळी तिकडून येणारा माणूस टेपरेकॉर्डर आणायचा, निदान साबण तरी आणायचा. ह्यांनी दोन पत्र्याच्या ट्रंका भरून पुस्तकं आणली. माझ्या सासूबाईंनी ट्रंक उघडून आत हात घालून पाहिला, खालपर्यंत पुस्तकंच लागल्यावर म्हणाल्या, “विमानात बसवून पाठवलं, तरी हा रद्दीच घेऊन आला.”

पुस्तकं होती थापांची. तिकडचे शेतकरी, नावाडी, लाकूडतोडे दुकानापुढच्या बाकावर बसून एकमेकांना ज्या लोणकढी थापा मारत, त्या कोणीतरी गावोगाव फिरून उतरवून घेतलेल्या. सांगणाऱ्याने चेहरा हलू द्यायचा नाही, ऐकणाऱ्याने ‘खोटं आहे’ म्हणायचं नाही, उलट आपली एक वर चढवायची, अशी त्या बाकावरची रीत. एक खेचर पुलाच्या मधोमध बसलं. गावाने चार दिवस ओढलं, ढकललं, खेचर ढिम्म. शेवटी कंटाळून गावाने नदीच दुसरीकडून वळवली आणि तिथे नवा पूल बांधला, तर खेचर उठून नव्या पुलावर जाऊन बसलं. असलं काहीतरी. हे सांगताना हे स्वतः कधी हसत नसत. वऱ्हाडातला माणूस आणि मिसूरीतला माणूस हे चुलतभाऊ आहेत, फक्त मधे समुद्र आला, असं ह्यांचं म्हणणं होतं. म्हणून ह्या थापा वऱ्हाडी वळणाच्या मराठीत आणायच्या, असं ह्यांनी ठरवलं आणि पुढची चाळीस वर्षं आणत राहिले.

लिहायचे ते जुन्या प्रश्नपत्रिकांच्या पाठकोऱ्या बाजूवर. परीक्षा झाली की उरलेले गठ्ठे ह्यांच्यासाठी शिपाई बाजूला ठेवायचा. एका बाजूला ‘प्रथम सत्र परीक्षा, वेळ तीन तास’, दुसऱ्या बाजूला खेचर. अक्षर असं, की मुंगी शाईत पडून कागदावर चालली असावी. नवा कागद आणून दिला तर ह्यांची लेखणी चालायची नाही.

मी स्वयंपाक करत असताना हे दारात उभे राहून नवी थाप वाचून दाखवत. मी ‘हूं’ म्हणायची. फोडणी जळेल म्हणून अर्धं लक्ष कढईकडे, अर्धं यशोधनच्या अभ्यासाकडे. चाळीस वर्षं मी ‘हूं’ म्हटलं.

यशोधन आमचा एकुलता एक. कॅनडात किचनरला सॉफ्टवेअरमध्ये आहे. २०१० साली त्याने आम्हाला कायमचं इकडे आणलं. त्याची बायको गुंजन कानपूरची, त्याच्याच कंपनीतली. माझ्याशी ती जे बोलते ते अर्धं हिंदी, अर्धं मराठी, वर इंग्रजीची कोथिंबीर. पण देवनागरी तिला घडाघडा वाचता येते आणि मला त्याचं कौतुक होतं. मी डब्यांवर चिकटवलेलं ‘धणेपूड’, ‘मेतकूट’ ती वाचायची. नात ईशानीला ते येत नव्हतं. ती मराठीत विचारलेल्याचं उत्तर इंग्रजीत देणारी. ह्यांनी एकदा तिला खेचराची गोष्ट पुरती इंग्रजीत सांगितली. ती मधेच फोनमधून डोकं वर काढून म्हणाली, “आजोबा, दॅट्स नॉट ईव्हन पॉसिबल.” हे तिच्यावर रागावले नाहीत. माझ्याकडे वळून म्हणाले की नदी वळेपर्यंत ही थांबली नाही.

तिथूनच ह्यांचं दुसरं खूळ सुरू झालं. इथल्या वाचनालयात जुनी पुस्तकं काढून टाकतात, त्यांची विक्री असते. हे हातगाडीसारखी ग्रोसरीची पिशवी ओढत तिथे जायचे. थापांची पुस्तकं तर आणायचेच, पण आता माणसं वाचेनाशी का झाली ह्याबद्दलची पुस्तकंही आणू लागले. मागच्या पानावर तारखांचे शिक्के असायचे. ‘शीला, हे बघ, हे शेवटचं कोणीतरी १९८७ साली नेलं होतं,’ असं मला एखाद्याच्या निधनाची बातमी द्यावी तसं सांगायचे. बेसमेंटमध्ये दोन कपाटं झाली. एक हसण्याचं, एक रडण्याचं. दोन्ही मिळून एकच विषय आहे, असं हे म्हणत. लांबलचक थाप ऐकायला शेवटपर्यंत थांबणारा माणूस लागतो. जो थापेसाठी थांबत नाही, तो पानासाठीही थांबत नाही. ह्याच विचारावर पुस्तकाची प्रस्तावना लिहायची होती. बाकी सहाशे बारा पानं लिहून तयार होती.

मग झटका आला. हातपाय वाचले, बोलणं वाचलं, आणि वाचणं तेवढं गेलं. डॉक्टरांनी आम्हाला चित्र काढून समजावलं. डोळे ठीक आहेत, पण डोळ्यांनी पाहिलेलं अक्षर मेंदूत जिथे पोचायचं तिथे पोचत नाही. विचित्र म्हणजे ह्यांना लिहिता येत होतं. पेन हातात दिलं की वाक्य सरळ उतरायचं. पाच मिनिटांनी तेच वाक्य पुढे धरलं की हे अनोळखी गावाची पाटी पाहावी तसे पाहायचे. स्वतःचं नावसुद्धा.

हॉस्पिटलातून घरी आल्यावर ह्यांनी एकच गोष्ट मागितली. पुस्तक पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत एकदा मी वाचून दाखवायचं. ऐकता ऐकता हे दुरुस्त्या सांगतील, आणि ते संपलं की प्रस्तावना सांगतील, मी उतरवून घेईन. ऐंशी वर्षांचे होते. पुन्हा झटका येऊ शकतो, हे डॉक्टरांनी आमच्यासमोरच सांगितलं होतं.

एप्रिलपासून आम्ही बसू लागलो. चहा झाला की चारला. ते अक्षर मला ओळीला तीनदा अडायला लावायचं. ‘हे काय, पाडस की पाऊस?’ ‘पायस.’ ‘खेचर पायस कशाला खाईल?’ ‘तू वाच तर.’ अशी आमची गाडी. आयुष्यात पहिल्यांदा मी ह्यांच्या गोष्टी शेवटपर्यंत ऐकल्या, त्या स्वतःच्याच तोंडून. जूनच्या दुसऱ्या आठवड्यात आम्ही एकशे तिसऱ्या पानावर होतो.

त्याच आठवड्यात घर बदलायचं होतं. ह्यांना जिने चढवत नव्हते म्हणून यशोधनने मुद्दाम तळमजल्यावर खोली असलेलं घर घेतलं. गुंजनने सगळी मोट बांधली होती. मूव्हर्स, इंटरनेट, ईशानीची शाळा, वर तिची स्वतःची नोकरी. मला तिने एवढंच सांगितलं, की खोक्यांवर मार्करने लिहा, म्हणजे कुठलं कुठे जायचं ते कळेल.

मी लिहिलं. आमच्या कपड्यांवर ‘वर’, म्हणजे तळमजल्यावरच्या खोलीत. ह्यांची कपाटं नव्या घरातही बेसमेंटमध्येच लागणार होती. पुस्तकांची खोकी यशोधनने आधीच गाडीतून नेली होती. राहिली होती तीन खोकी, हस्तलिखित आणि त्याचे चाळीस वर्षांचे खर्डे. त्यांच्यावर मी मोठ्या, सुवाच्य अक्षरात लिहिलं, ‘खाली’. चालू गठ्ठा सगळ्यांत वर ठेवला, म्हणजे गेल्या गेल्या हाताला लागेल. दुपारी तीनच्या सुमाराला ती खोकी गॅरेजमध्ये रचून मी निश्चिंत झाले.

नव्या घरी तिसऱ्या दिवशी मी मूव्हर्सना दाखवून बेसमेंटमध्ये ठेवून घेतलेलं ‘खाली’चं खोकं उघडलं, तर आत डिनर सेटच्या बशा. दुसऱ्यात काचेचे ग्लास, कागदात गुंडाळलेले. एका ग्लासावरून मी कागद सोडवला आणि त्यावर ह्यांचं अक्षर होतं.

मी गुंजनला हाक मारली. ती हातात लॅपटॉपची वायर घेऊन खाली आली. मी विचारलं, ह्यात कागद होते ते कुठे ठेवलेस.

“ते पुराने एक्झाम पेपर्स? ते तर रिसायकलिंगमध्ये गेले, आई. निळ्या डब्यात. बॉक्सेस कमी पडत होते ना.” माझा चेहरा पाहून तिचा आवाज बारीक झाला. “आपने ही तो लिखा था. खाली.”

“खाली म्हणजे बेसमेंटला गं.”

तिने हातातली वायर पायरीवर ठेवली. मग म्हणाली, “नीचे?”

“हो. नीचे.”

ती तिथेच पायरीवर बसली. तिच्या भाषेत खाली म्हणजे रिकामं. तिला वाटलं होतं, आईंनी शहाणपणाने खोकी रिकामी करायला काढून दिली आहेत. वर दिसत होत्या पंचवीस वर्षांपूर्वीच्या प्रश्नपत्रिका. यशोधन तेव्हा नव्या घरी गेलेला, त्यामुळे माझ्याशिवाय माझं अक्षर वाचू शकणारी तिथे ती एकटीच, आणि तिने ते बरोबर वाचलं होतं.

यशोधनने फोन केले. निळ्या डब्यांतला कागद त्याच दिवशी दाबून गठ्ठे करतात, असं कळलं. तरी गुंजन गाडी घेऊन तिथवर गेली. परत आली ती गॅरेजमध्येच बराच वेळ बूट न काढता उभी राहिली. ईशानी माझ्याजवळ आली, तिने ग्लासावरचा एक कागद हातात घेऊन उलटसुलट पाहिला आणि विचारलं की हे कोणी स्कॅन कसं नाही केलं. तिने टोमणा मारला नव्हता. तिला खरंच कळत नव्हतं. चाळीस वर्षांत ते कोणालाच सुचलं नव्हतं, मलाही.

गुंजन म्हणाली की बाबांना ती स्वतः सांगेल, तिची चूक आहे. मी तिला थांबवलं. चूक कोणाची हे ठरवून पानं येणार नव्हती. आणि ह्यांच्याजवळ काळ किती उरला होता ते आम्हाला ठाऊक नव्हतं.

ग्लास गुंडाळायला तिने वरच्या चालू गठ्ठ्यातले कागद घेतले होते. एकशे चार ते एकशे बावीस. एकोणीस पानं. मी ती ओलं फडकं ठेवून इस्त्री केली आणि चार वाजता ह्यांच्यासमोर जाऊन बसले. ती मी जितकी पुरवता येतील तितकी पुरवली. मुद्दाम अडखळले, मुद्दाम वाद घातला. दहा दिवस गेले.

अकराव्या दिवशी मी यशोधनच्या बँकेच्या पत्रांचा गठ्ठा मांडीवर घेतला आणि एकशे तेविसावं पान वाचायला सुरुवात केली.

थापांच्या सुरुवाती मला येत होत्या. थंडीत एका माणसाची सावली धान्याच्या कोठाराच्या भिंतीला गोठून चिकटते, तो तशीच सोडून घरी जातो. एक म्हातारी बदकाला घड्याळ गिळायला लावते. पण पुढे? सावली सोडवायला तो वसंतात येतो, मग काय होतं? तिथे माझी फोडणी आली असणार. मला काही म्हणजे काही आठवत नव्हतं. चाळीस वर्षांच्या हुंकारांनी मी प्रत्येक गोष्टीची सुरुवात तेवढी वाचवली होती. मग मीच शेवट लावू लागले. हे ऐकत, कपाळाला आठी घालत, ‘असं लिहिलंय मी?’ विचारत. मी म्हणायची, अक्षर तुमचंच आहे. हे म्हणत, झटक्याने तेही पुसलं असेल. ह्यांना आपल्याच आठवणीचा भरवसा वाटेना, हे मला दिसत होतं आणि तरी मी वाचत होते.

जुलैच्या शेवटी माझ्याजवळच्या सुरुवातीही संपल्या. तेव्हा मी अमरावतीचा उन्हाळा काढला आणि त्याला मिसूरीची टोपी घातली. एका गावी इतकं ऊन पडायचं, की विहिरीतली बादली वर येईपर्यंत पाण्याला उकळी फुटायची. गावकऱ्यांनी विचार केला, नाहीतरी चूल पेटवायचीच आहे, त्यापेक्षा कॉफीची पूड विहिरीतच टाकू. टाकली. पुढे दोन वर्षं गावातली गुरंसुद्धा झोपली नाहीत.

हे हसले. झटका आल्यापासून मी ह्यांना असं हसताना पाहिलं नव्हतं, डोळे पुसेपर्यंत. मलाही हसू आलं. आपल्याला हे जमतं, असं क्षणभर वाटलं.

मग हे म्हणाले, “शीला, माझं अक्षर तुला इतकं सरळ कधीपासून वाचता यायला लागलं?”

मी म्हटलं, सवय झाली.

“आज तू एकदाही अडली नाहीस.” हात पुढे केला. मी गठ्ठा दिला. ह्यांना वाचता येत नव्हतं, पण बँकेच्या कागदाचा गुळगुळीतपणा बोटांना कळत होता. एक कागद चोळून पाहिला, उलटा केला, तिकडूनही चोळला.

“किती उरलीत?”

“एकोणीस. ती वाचून झाली.”

“बाकीची?”

“गेली. घर बदलताना, रिसायकलिंगमध्ये.”

“कोणी टाकली?”

“मी,” मी म्हटलं. “चुकून.”

ह्यांनी माझ्याकडे पाहिलं. चेहऱ्यावरची रेघ हलली नाही. खोटं आहे, असं म्हणाले नाहीत. गठ्ठा मला परत दिला आणि म्हणाले, “आता वाचू नकोस.”

मला वाटलं रागावतील. त्याऐवजी दुसऱ्या दिवशी सकाळीच हे वही मागू लागले. लिहिता येतंय, डोक्यात आहे, पुन्हा लिहितो, म्हणाले. गुंजनने कोऱ्या वह्यांची चळत आणून टेबलावर ठेवली आणि खोलीबाहेर जाऊन रडली. ऑगस्टभर हे लिहीत होते. सकाळी तीन तास, मान खाली घालून. घरात आम्ही सगळे पाय न वाजवता चालायचो.

सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात ह्यांनी मला बोलावलं. “वाच. कुठवर आलं ते सांग. पण जे असेल तेच वाच.”

मी वही उघडली. पहिल्या पानावर खेचर पुलावर बसलं होतं. दुसऱ्या पानावर खेचर पुलावर बसलं होतं. गावाने चार दिवस ओढलं, ढकललं. पुढच्या पानावर तेच, शब्द थोडे इकडेतिकडे. लिहिलेलं मागे वळून वाचता येत नसल्यामुळे, आणि काल कुठवर आलो ह्या आठवणीचा भरवसा उरला नसल्यामुळे, हे रोज सकाळी पुन्हा पहिल्यापासून बसत होते आणि रोज नदीपर्यंत पोचत होते. मी पानं मोजली नाहीत. दुसऱ्या वहीतही खेचरच होतं.

“वाच ना,” हे म्हणाले.

खोटं बोलणं सोपं होतं. मी एकदा बोलून बसले होते, म्हणून ते आता जमेना. मी सांगितलं, की पहिलीच गोष्ट आहे, परत परत.

“सगळीकडे?”

“सगळीकडे.”

ह्यांनी पेनाला टोपण लावलं. टेबलाच्या कडेला ठेवलं, ते गडगडलं, मी पकडलं. “चांगली आहे का पण?” असं विचारलं. मी म्हटलं, फार चांगली आहे. त्यावर हे म्हणाले, “तेवढीच तू ऐकली असशील,” आणि खिडकीकडे वळले. हे ह्यांनी मला लागावं म्हणून म्हटलं नव्हतं. ते खरं होतं एवढंच. पुस्तकाचा विषय आमच्यात पुन्हा निघाला नाही.

हे २०२४ च्या जानेवारीत गेले, दुसऱ्या झटक्याने, दुपारी जेवण झाल्यावर. बाहेर बर्फ होतं आणि यशोधन फावड्याने ड्राइव्हवे मोकळा करत होता. शेवटचं दीड वर्ष हे टीव्हीसमोर बसत, आवाज बंद करून.

यशोधनने ती एकोणीस पानं स्कॅन करून घेतली आणि मला, अमरावतीला भाच्याला आणि स्वतःला ईमेलने पाठवली. कोणी त्याबद्दल काही कळवलं नाही. तो आता घरूनच काम करतो आणि पूर्वीपेक्षा कमी बोलतो. ईशानी हॅलिफॅक्सला युनिव्हर्सिटीत आहे. तिच्या वर्गाला नेमलेलं पुस्तक मशीनकडून दोन पानांत आवळून घेते, आणि हे ती मला लपवून न ठेवता सांगते. दर रविवारी फोन करते, पोर मायेची आहे. थापांची पुस्तकं एक जुन्या पुस्तकांचा दुकानदार येऊन घेऊन गेला. दुसरं कपाट, माणसं वाचेनाशी का झाली ते सांगणारं, त्याने नको म्हटलं. ते अजून बेसमेंटमध्ये आहे. माझ्या दोन्ही डोळ्यांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं आणि मला आता लांबचं फार छान दिसतं.

गुंजनची मॅनेजर म्हणून बढती झाली. ह्यांच्या वर्षश्राद्धाच्या दिवशी भांडी पुसता पुसता तिने मला विचारलं, की पानं गेल्याचं बाबांना कळलं होतं का. तिला वाटायचं, वह्या त्यांनी दुसऱ्या कुठल्या पुस्तकासाठी मागितल्या असाव्यात. असं वाटून घ्यायचं तिने ठरवलं होतं, हे मला समजलं. मी म्हटलं, नाही गं, शेवटपर्यंत कळलं नाही. तिने मान हलवली आणि पुढचं भांडं घेतलं.

इथे मी खरं ते लिहिलं आहे. तिला अक्षरं सगळी वाचता येतात, पण मराठीतलं काही ती हातात घेत नाही. छापून आलं तरी हे लिहिलेलं तिच्यापर्यंत जाणार नाही.